ल खोडून ळ

एकतीस वर्षं मी एका वर्तमानपत्रात मुद्रितशोधक होतो. दुसऱ्यांनी लिहिलेलं वाचायचं आणि लाल पेनाने त्यातल्या चुका काढायच्या, एवढंच काम. पण ते माणसाला बिघडवतं. लग्नपत्रिका हातात आली की मी आधी तिच्यातले ऱ्हस्व-दीर्घ बघतो, मग नवरा-नवरीची नावं. एका चुलतभावाला मी पत्रिका दुरुस्त करून परत पाठवली होती, तेव्हापासून त्याच्या घरचं आमंत्रण बंद आहे. बायको म्हणते, तुम्ही मेल्यावर तेराव्याच्या कार्डात चूक सापडली तर उठून बसाल. तिचं खरं असावं. माझ्या आयुष्यात अभिमान बाळगावा असं फारसं काही घडलं नाही, शुद्धलेखन तेवढं होतं.

निवृत्तीच्या आधीच आम्ही विरारला फ्लॅट घेतला, पश्चिमेला, आगाशीकडे जाणाऱ्या रस्त्यावर. चार मजल्यांची बिल्डिंग, लिफ्ट नाही. रोज सकाळी अर्नाळ्याची एक कोळीण बसने यायची आणि मासळीची टोपली घेऊन दारोदार फिरायची. वयाने माझ्याच आसपासची. पुढचे चार दात पडलेले, त्यामुळे तिच्या तोंडात च आला की त्याचा स व्हायचा. त्यात तिच्या गावच्या बोलीत ण नाही आणि ळ पण नाही. पाणी म्हणजे पानी, डोळा म्हणजे डोला. मी पहिल्याच आठवड्यात तिला सुधारायला घेतलं. ती खळखळून हसली आणि म्हणाली, "मास्तर, तुमस्या त्या न्‌ नी माझं म्हावरं काय ताजं होनार हाय?" तेव्हापासून मी मास्तर झालो. शाळेत मी एक दिवसही शिकवलेलं नाही.

दुसऱ्या मजल्यावर एक आफ्रिकन मुलगा भाड्याने राहायला आला. मुलगा म्हणजे असेल अठ्ठावीस-तीसचा. तो घानाचा होता. हे त्याने सेक्रेटरींना सांगितलं, मला सांगितलं, दूधवाल्याला सांगितलं, तरी बिल्डिंगच्या व्हॉट्सॲप ग्रुपवर तो शेवटपर्यंत 'सेकंड फ्लोअरचा नायजेरियन' राहिला. तयार कपड्यांचे गठ्ठे करून तो घरी पाठवायचा, भाऊ तिकडे विकायचा. रविवारी इस्त्रीचा पांढरा शर्ट घालून चर्चमध्ये जायचा. जिन्यात तो दिसला की आमच्या बायका पोरांना हाताशी ओढून घ्यायच्या. तो भिंतीला चिकटून उभा राहायचा, त्या जाईपर्यंत. मी हे बघायचो आणि मला वाईट वाटायचं. वाईट वाटण्यापलीकडे मी काही करत नव्हतो.

त्याला मराठी शिकवली ती कोळणीने. तो तिच्याकडून बांगडे घ्यायचा आणि तिच्याशी मोडकंतोडकं बोलायचा. एकदा आमच्या दारात तिची टोपली उतरवायला त्याने हात दिला आणि माझ्या बायकोकडे बघून म्हणाला, "काकी, पानी." मला राहवलं नाही. मी म्हटलं, पानी नाही, पाणी. जीभ मागे वळव. तो तिथेच उभा राहून दहा वेळा म्हणत राहिला, पानी, पाडी, पाळी. कोळीण पोट धरून हसत होती. शेवटी एकदाचा त्याला ण आला. बायकोने पाण्याबरोबर लाडू दिला. आमच्या दारातला तो सगळ्यात चांगला दिवस होता असं मला आता वाटतं.

तळमजल्यावर एक निवृत्त गृहस्थ एकटे राहायचे. बायको गेलेली, मूलबाळ नाही. एका मंगळवारी सकाळी, कोळीण जिन्यात होती तेव्हा, त्यांच्या दारात कुणाशी तरी मोठमोठ्याने हुज्जत चाललेली आम्ही सगळ्यांनी ऐकली. पांढऱ्या स्कूटरवरून कुणी माणूस आला होता. कुणी खाली उतरलं नाही, मीही नाही. बुधवारी सकाळी ते गृहस्थ घरात मरून पडलेले सापडले. डोकं फुटलेलं, गळ्यातली साखळी गेलेली. त्या सकाळी त्यांच्या दारातून घाईघाईने बाहेर पडणारा माणूस फक्त कोळणीने पाहिला होता.

पोलीस आले. तिचा जबाब घ्यायला बसलेला हवालदार तरुण होता, विदर्भाकडचा, नुकताच बदलून आलेला. त्याला तिचं निम्मं बोलणं कळेना. तो बिचारा जसं कानावर पडेल तसं लिहीत गेला. संध्याकाळी तो माझ्याकडे आला. सेक्रेटरींनी पाठवला होता. म्हणाला, "काका, तुम्ही पेपरात होते म्हणे. एवढं जरा शुद्ध करून द्या ना. टाइप करायचं आहे, साहेब लय ओरडतात."

मला किती आनंद झाला ते लिहायलाही लाज वाटते. कित्येक महिन्यांनी कुणी मला कागद दिला होता. मी चष्मा पुसला, लाल पेन काढलं, बायकोला चहा टाकायला सांगितलं. हवालदार सोफ्यावर टेकला आणि मी कामाला लागलो. आन चं आणि केलं. व्हता चं होता. एका ओळीत लिहिलं होतं, "तवा घरातून कालसा मानूस भाईर आला." मी मानूसमधला न खोडून समासात ण लिहिला. कालसामधला ल खोडून समासात ळ लिहिला. मग वाटलं, काळसा हे काही बरोबर रूप नाही, काळसर हवं. सा खोडून सर केलं. हवालदाराने मान वाकडी करून पाहिलं आणि म्हणाला, "म्हणजे काळसर वर्णाचा इसम, असंच ना काका?" मी म्हटलं, असंच. अगदी शेवटी नेहमीचं ठरावीक वाक्य होतं, की हा जबाब मला वाचून दाखवला, तो माझ्या सांगण्याप्रमाणे बरोबर आहे. त्यातही मी एक अनुस्वार घातला. कोळीण तेव्हा अर्नाळ्याला घरी पोचली असेल. तिला कुणी काही वाचून दाखवलं नाही.

दुसऱ्या दिवशी त्या घानाच्या मुलाला धरून नेलं.

आता खरं म्हणजे मी स्वतः काळसर वर्णाचा आहे. सेक्रेटरी माझ्यापेक्षा दोन छटा पुढे आहेत. बिल्डिंगमधल्या अर्ध्या पुरुषांना तो शब्द लागू पडला असता. कुणाच्याही मनात आलं नाही, कारण आपल्याकडे आपला माणूस सावळा असतो, फार तर रंगाने जरा उजवा-डावा असतो. काळा फक्त परका असतो. जबाबात तो शब्द आला आणि सगळ्यांनी एकदम वर दुसऱ्या मजल्याकडे बघितलं. पांढऱ्या स्कूटरवाल्याची आठवण मग कुणालाच राहिली नाही.

त्या संध्याकाळी गेटवर चॅनेलच्या गाड्या लागल्या. ज्या बायका जिन्यात पोरांना ओढून घ्यायच्या त्या साड्या बदलून खाली आल्या. एकीने सांगितलं, त्याची नजरच वाईट होती. पहिल्या मजल्यावरच्या एका गृहस्थांनी सांगितलं, घरातून विचित्र वास यायचा. तो वास बांगड्यांचा होता, त्यांच्याही घरातून तोच यायचा. टीव्हीवर दिवसभर त्याचा चेहरा लाल वर्तुळात फिरत होता आणि खाली पट्टी जात होती, 'विरारमध्ये नायजेरियन हैवान'. माझ्या जुन्या पेपरात पहिल्या पानावर चार कॉलम मथळा होता. मी तो दोनदा वाचला. शुद्धलेखनाची एकही चूक नव्हती.

मलाही तेव्हा तो दोषी वाटत होता, हे कबूल करतो. मला दुःख झालं, फसवल्यासारखं वाटलं, लाडू आठवला. पण शंका आली नाही. बाईने डोळ्यांनी पाहिलंय म्हटल्यावर शंका कसली, असं मी बायकोला म्हणालो.

सात-आठ महिन्यांनी एका सकाळी कोळीण दारात बसली होती. बायको बोंबील दाबून बघत होती आणि नेहमीसारखी कुरकुरत होती की हे शिळे आहेत. कोळीण चिडली. "कालसं नाय वैनी, आजसं हाय! आयेसी आन!"

मी आत पेपर वाचत होतो. आधी मला नुसतीच चूक दिसली, सवयीने. कालचं, आजचं, स नव्हे च. मग मी पेपर खाली ठेवला. कालसं. कालसा. कालसा मानूस. मी उठून दारात गेलो आणि विचारलं, मावशी, त्या दिवशी तुम्ही कुठला माणूस पाहिलात? तिने माझ्याकडे वेड्याकडे बघावं तसं बघितलं. "सांगितला ना पोलिसाला. कालसा. आदल्या दिशी भांडून गेला तो. स्कूटरवाला."

"आणि दुसऱ्या मजल्यावरचा?"

"तो कशाला येईल त्यात? त्याला दुसऱ्या कायतरी भानगडीत धरलाय म्हनून सांगितलं मना."

ती खरोखरच तसं समजत होती. तिच्या घरी टीव्ही बंद पडलेला होता आणि तिला वाचता येत नव्हतं. आपल्याच जबाबावरून त्याला पकडलंय हे तिला आठ महिने माहीत नव्हतं. तिला काही न सांगता मी तिला टोपली उचलून जाऊ दिलं. मी बायकोला सगळं सांगितलं. तिने बोंबील बाजूला ठेवले, हात धुतले आणि म्हणाली, "आत्ताच्या आत्ता जा आणि सांगून या."

मी शर्ट घातला. पोलीस ठाण्यापर्यंत गेलो. समोरच्या टपरीवर चहा घेतला. चहा घेता घेता मनात म्हटलं, तो हवालदार बदलून गेला असेल. तो खरंच गेला होता, हे मी दोन महिन्यांनी विचारून खात्री करून घेतलं. मग म्हटलं, सरकारी कागदात खाडाखोड केली म्हणून मलाच आत टाकतील. मग म्हटलं, कोळीण कोर्टात सांगेलच की. मग म्हटलं, माझं नाव त्या कागदावर कुठे आहे? नव्हतंच. मुद्रितशोधकाचं नाव कधीच छापत नाहीत. मी चहा संपवून घरी आलो. बायकोने विचारलं, सांगितलंत? मी म्हटलं, साहेब नव्हते. तिने परत विचारलं नाही. तेव्हापासून ती माझ्याशी गरजेपुरतं बोलते, भाजी काय आणू, गॅस लावलाय, एवढंच.

यानंतर तीन वर्षं गेली. तीन वर्षं मी रोज सकाळी उठून पेपर वाचत होतो आणि तो तुरुंगात होता. माझ्याकडे कारणं पुष्कळ आहेत, पण एकही दुसऱ्याला सांगण्यासारखं नाही.

खटला उभा राहिला तेव्हा कोळणीला साक्षीला बोलावलं. मी गेलो आणि मागच्या बाकावर बसलो. का गेलो ते माहीत नाही. बहुतेक ती माझं काम करते का ते बघायला. सरकारी वकिलांनी तिला विचारलं, तुम्ही काळसर वर्णाचा इसम पाहिला ना? ती म्हणाली, "इसम कोन?" लोक हसले. मग तिला तो मुलगा दाखवला. तो फार वाळला होता. तिने त्याला ओळखलं आणि तिचा चेहरा एकदम उजळला, जत्रेत चुकलेलं पोर सापडावं तसा. "अरे, तू हितं?" असं ती मोठ्याने म्हणाली. मग तिला कळलं की तो इथे का उभा आहे आणि कुणाच्या शब्दावर उभा आहे.

ती ओरडलीच. "मी काला-गोरा काय बोलले नाय! कालसा बोलले! काल, काल! आज नाय, काल!" न्यायाधीशांनी शांतपणे तिला तीनदा विचारलं आणि लिहून घेतलं. वकील म्हणाले, तुमच्या जबाबात तर स्पष्ट काळसर लिहिलंय. ती म्हणाली, "मना लिवता येत नाय. लिवनाऱ्याला पुसा." लिहिणाऱ्या हवालदाराला नंतर बोलावलं. त्याने शपथेवर सांगितलं, बाईने सांगितलं तसंच लिहिलं. त्याने माझं नाव घेतलं नाही. माझ्यावर उपकार म्हणून नव्हे, त्याची नोकरी होती. मी मागच्या बाकावरून उठून दोन वाक्यं बोललो असतो तर पुरलं असतं. मी चप्पल शोधत बसलो.

सरकार पक्षाने तिला फितूर ठरवून घेतलं. मुलगा सुटला, पण संशयाचा फायदा मिळून. शुद्धलेखनवाल्याला या दोन शब्दांतला फरक कळतो. निर्दोष निराळा आणि संशयाचा फायदा निराळा. निर्दोष माणूस घरी जातो. संशयाचा फायदा मिळालेला माणूस जिथे जाईल तिथे तो संशय घेऊन जातो, आणि तो संशय मी माझ्या हाताने समासात लिहिला होता.

निकालाच्या दिवशी पुन्हा गाड्या आल्या. बायका पुन्हा साड्या बदलून खाली आल्या. चॅनेलवर पाचजण एकाच वेळी ओरडत होते. कुणी म्हणालं कायदा दुबळा आहे, कुणी म्हणालं परकीय पैसा आहे, एका निवृत्त अधिकाऱ्याने सांगितलं की या लोकांची मानसिकताच तशी असते. काल आणि काळा, यावर एक अक्षर कुणी बोललं नाही. आठ सेकंदांत मावणारी गोष्ट नव्हती ती. माझ्या जुन्या पेपराने मथळा दिला, 'कोळीण फिरली, आरोपी सुटला'. मथळ्याला ठेका आला म्हणून कुणीतरी खूश झालं असेल. मी त्या टेबलावर इतकी वर्षं बसलोय, मला माहीत आहे. सोसायटीने रविवारी सभा घेऊन ठराव केला की यापुढे परदेशी व्यक्तीस सदनिका भाड्याने देऊ नये. सेक्रेटरी ठरावाचा मसुदा माझ्याकडे तपासायला घेऊन आले. मी तपासून दिला.

तो आठवड्याभराने आला, एका पोलिसाबरोबर. व्हिसा केव्हाच संपला होता, म्हणून सुटूनही तो सुटला नव्हता. परत पाठवेपर्यंत त्याला कुठल्याशा केंद्रात ठेवलं होतं. सेक्रेटरींनी त्याची बॅग मीटरच्या खोलीत टाकली होती, ती न्यायला आला होता. पांढऱ्या शर्टाला उंदरांनी भोकं पाडली होती. जिन्यात मला बघून तो थांबला, भिंतीला चिकटला नाही. म्हणाला, "काका, पाणी मिळेल?"

ण स्वच्छ होता. माझ्यापेक्षा स्वच्छ.

बायकोने पाणी आणलं आणि लाडूही आणला. तो सावकाश प्याला. म्हणाला, "आतमध्ये सगळे पानी बोलायचे. मी पाणी बोलायचो. ते हसायचे. मी सांगायचो, माझ्या काकांनी शिकवलंय." बायको पदर तोंडाला लावून आत निघून गेली. मी त्याला विचारलं, विमान कधी आहे. त्याने सांगितलं, माहीत नाही. पोलीस घड्याळ बघत होता.

कोळणीकडून आता बिल्डिंगमध्ये आम्ही सोडून कुणी मासळी घेत नाही. काळ्याकडून पैसे खाल्ले, असं म्हणतात. अर्नाळ्यातही काहीजणी तिच्या शेजारी बसत नाहीत म्हणे. ती येते, टोपली दारात ठेवते, पूर्वीसारखी हसत नाही. मागच्या आठवड्यात तिने सुके बोंबील एका जुन्या पेपरात बांधून आणले होते. पुडी सोडून तिने तो कागद मांडीवर सरळ केला आणि माझ्यापुढे धरला. निकालाच्या दुसऱ्या दिवशीचा पेपर होता. तिचा फोटो होता, तोंड उघडं, हात वर.

"माझा फोटू हाय ह्यात. काय लिवलंय ते वासा मास्तर."

मी वाचलं. मुख्य साक्षीदार महिला ऐनवेळी फितूर झाल्याने आरोपीची सुटका झाली.

"फितूर म्हंजे काय?"

मला अर्थ माहीत होता. तिच्याकडे न बघता मी म्हटलं, "शब्द फिरवणारी."

तिने त्या फोटोवर बोट ठेवलं. मग म्हणाली, "मी नाय फिरवला. मास्तर, तुमी पेपरात होते, तुमाला म्हाइत असेल. कोनी फिरवला माझा शब्द?"

आत स्वयंपाकघरात बायकोच्या हातातलं भांडं थांबलं. मी ते ऐकलं.

एकतीस वर्षं पेपरात काहीही चुकलं की आम्ही वाचकांना एकच उत्तर द्यायचो. तेच तोंडातून आलं. "छपाईची चूक असेल."

"तरी म्हनलं," ती म्हणाली. तिचा माझ्यावर विश्वास बसला. तिने पुडीतून दोन बोंबील उचलून माझ्या हातात ठेवले. "घ्या. वासून दाखवलंत त्यासे."

मी घेतले.